मकेवारचा कोट

तीन भोकं डाव्या बाजूला, एक खांद्याशी.
मी रफू करायचो, मुंबईवाले परत पाडायचे.
कोट तोच, पितळी गुंड्या त्याच,
मरणारा माणूसही तोच.

मॅकीव्हर त्याचं आडनाव. धर्माबादच्या जिभेला ते पेलवेना.
इथं गंगावार, येरावार, तसा हाही एक मकेवार.
किराण्याच्या उधारीच्या वहीत तसंच लिहिलेलं :
मकेवार एडगर, चहापत्ती पाव किलो.

बाप सरकी काढायची यंत्रं बसवायला आला होता,
सहा महिन्यांसाठी.
पोरगं तेव्हा चार वर्षांचं,
मिरचीच्या मोंढ्यात शिंकून शिंकून मोठं झालं.
बाप इथल्याच मातीत गेला.
आई धाकटीला घेऊन बोटीवर चढली,
हा म्हणाला, तुम्ही व्हा पुढं, मी येतो मागून.
ते एक्कावन्न साल.

तार यायची : इंग्रज पाहिजे, तीन दिवस, जेवण आमचं.
मग लहान लाईनच्या गाडीनं मनमाड,
तिथून पुढं मोठी गाडी, मांडीवर कोटाची पिशवी.
एकसष्ट सिनेमे. कलेक्टर, जनरल, हिरे चोरणारा रॉबर्ट,
दोनदा पाद्री (त्या वर्षी मला काम नव्हतं).
नाव पडद्यावर कधी आलं नाही,
आलं ते ‘आणि इतर’ मध्ये.

डायरेक्टर म्हणायचा, हिंदी मोडून बोल.
हा म्हणायचा, साहेब, मोडायला आधी धड येऊ तर द्या,
मला येती ती धर्माबादची.
शेवटी आवाज दुसऱ्याचाच घालायचे,
कुणी दादरचा जोशी म्हणे, घशातून इंग्रज काढायचा.

आमच्या टॉकीजला सिनेमा लागला की
हीरो याच्या कानाखाली वाजवायचा, पत्रे उडतील अशा शिट्ट्या.
इंटरवलला हा बाहेर भजी खात उभा.
तीच पोरं जवळ यायची :
काका, लई लागलं का?
“लागलं की. पण त्याचा हात बघ, कसा कापसासारखा.
तुझ्या बापाचा असता तर मेलोच असतो.”

एकदा शाळेनं सतरा सप्टेंबरचं नाटक बसवलं.
मास्तर हौसेनं बोलवायला गेले,
आणि दारातच गप्प झाले.
निजामाचं राज्य होतं इकडं. रझाकार होते, अरब होते, रोहिले होते.
इंग्रजाला पार्टच नव्हता.
पहिल्या रांगेत बसला, शेवटपर्यंत टाळ्या वाजवल्या.
घरी जाताना म्हणाला, बरं वाटलं बघ,
आज कुणी मारलं नाही.

दर वर्षी नांदेडला पोलिसात जाऊन
परदेशी म्हणून नाव लावावं लागे.
मी सोबत जायचो, मोसंबी घ्यायला म्हणून.
कारकून नवा असला की विचारायचा :
येण्याचं कारण? – बाप.
किती दिवस मुक्काम? – सहा महिने.
हसायचा नाही सांगताना.
चव्वेचाळीस वर्षं त्यानं सहा महिनेच सांगितले.

परवा नातवानं मोबाईलवर एक सिनेमा लावला.
पुलावर गोळी लागते, साहेब मागं कोसळतो,
जोशीबुवा ओरडतात, “ओ माय गॉड!”
आवाज बंद कर म्हटलं, परत लाव.
ओठ बघितले मी. रफूगराचे डोळे, बारीक धागा दिसतो.
अगं माय गं, म्हणतोय तो.
साफ. आपल्या मोंढ्यातला हमाल पोतं पायावर पडल्यावर म्हणतो तसं.

तो गेल्यावर पासपोर्ट जमा करायला मीच गेलो.
रजिस्टरात शेवटचा रकाना : कुठे रवाना?
कारकुनानं पेन धरून माझ्याकडं बघितलं.
मी कोटाची घडी उगीच काउंटरवर ठेवली, परत उचलली.
लिहा, म्हटलं, धर्माबाद.

कोट अजून माझ्याकडंच आहे.
खांद्याचं भोक तेवढं मी बुजवलं नाही.
उन्हाला वाळत घातला की त्यातून
समोरच्या भिंतीवर रुपयाएवढा उजेड पडतो,
नातू त्यावर बोट ठेवतो, आणि तो बोटावर येतो.