रांगेत सातवी

न्यूपोर्टच्या इस्पितळाबाहेर
आलो तेव्हा आमची गाडी रांगेत नववी होती.
आता सातवी. मागे आणखी चार.
इंजिन चालू ठेवलंय, नुसती ऊब राहावी म्हणून.

आत एम्लिन प्यू, वय चौऱ्याऐंशी, खुबा मोडलेला.
बल्ब बदलायला स्टुलावर चढले
आणि नऊ तास फरशीवर पडून राहिले,
मांजरीच्या वाटीतलं पाणी
बोटानं ओठांना लावत.
हे त्यांनी सांगितलं ते तक्रार म्हणून नाही,
मांजरीची माफी मागायची राहून गेली म्हणून.

साडेचार तास झाले.
त्यांचा रक्तदाब मी सोळा वेळा लिहिलाय.
पुढच्या सीटवर कॅरिस कालचं सँडविच खाते,
अर्धं माझ्यासाठी ठेवते,
मग तेही खाते, आणि सॉरी म्हणते.

रेडिओ खाकरतो:
कुणी मोकळं आहे का?
कालव्याजवळ, दुसरा मजला, बाई, सत्तावन्न, छातीत कळ.
कुणी मोकळं आहे का?

अकरा गाड्या. अकरांचे निळे दिवे विझलेले.
नाही म्हणायलासुद्धा बटण दाबावं लागतं.

एम्लिन म्हणतात, पोरी,
छत्तीस वर्षं मी सिग्नलच्या केबिनमध्ये काढली.
फलाटावर एक मालगाडी अडली
की पार मागच्या गावापर्यंत गाड्या उभ्या.
लोक सिग्नलला शिव्या घालायचे.
तो बिचारा काय करील?
पुढे जागा नाही, एवढंच तर सांगतो.

मग जरा वेळानं:
मला त्या बाकावर ठेव. ब्लँकेट आहे की.
तू जा तिकडे.

तसं चालत नाही, एम्लिन, मी म्हणते.

चालत तर मीपण नाही,
ते म्हणतात, आणि हसताहसता कळवळतात.

रेडिओ तिसऱ्यांदा विचारत नाही.
याचे अर्थ दोन.
मिळाली असेल कुणाची तरी गाडी,
कॅरिस काचेकडे बघत म्हणते.
हो, मी म्हणते,
आणि दुसऱ्याचं नाव आम्ही काढत नाही.

पावणेसहाला दार उघडतं,
एक स्ट्रेचर आत जातं.
कॅरिस गिअर टाकते, गाडीभर अंतर सरकतो.

सहावी, एम्लिन म्हणतात,
आणि हवेतला एक जड दांडा
मुठीत धरून
सावकाश खाली ओढतात.

मी सतरावा आकडा लिहून घेते.