समासातली पेन्सिल

सीताबर्डीच्या फुटपाथवर वीस रुपयांना आला हा इंग्रज कवी.
आतला शिक्का: गिरणी कामगार वाचनालय, गोळीबार चौक.

प्रस्तावना म्हणते, संपाच्या पत्रकांपायी तुरुंग,
तिथे साबणाच्या वेष्टणावर ओळी,
सुटला तो खोकला सोबत घेऊन.

पान एकेचाळीस. कवी लिहितो, माग गातात.
कडेला पेन्सिल, दौलत हेडाऊची, रातपाळीची:
"माग गात नाही गा. कान नेते."

पुढे 'आठवड्याला नऊ शिलिंग' याखाली
आण्यांचा भागाकार, दोनदा खोडलेला,
आणि "आपल्यापरीस बरं."

भांडत भांडत शेवटपर्यंत गेलाय बाप्पा.
फक्त जिथे कवीची मुलगी
त्याला जाळीपलीकडून ओळखत नाही,
तिथे अवाक्षर नाही.
मशीनच्या तेलाचा अंगठा,
त्याच जागी,
तीन-चारदा.