रिकामं वजन

गोकुळ शिरगावच्या अलीकडं, हायवेला तोंड करून,
आमचा साठ टनी वजनकाटा.
सासऱ्यांनी बसवला तेव्हा ट्रक सरळ आत यायचे,
म्हशी गोठ्यात येतात तसे,
कुणी वळवायला लागायचं नाही.
फाउंड्रीची वाळू, भंगार, गुळाचे रवे.
आधी भरलेलं, मग रिकामं.
वजाबाकी आम्ही करायचो,
भांडण त्यांचं त्यांनी.

रुंदीकरणात पुढचे साडेचार गुंठे गेले.
सही मीच केली, सुनंदा भूपाल मगदूम.
पैसेही घेतले, खोटं कशाला सांगू.
पण जमीन रस्त्याला दिली
म्हणजे रस्ता आपल्याला मिळतो असं नाही,
हे कुठल्याच नोटिशीत नव्हतं.

एका मंगळवारी गेटासमोर पत्र्याचा कठडा आला,
कमरेएवढा, चकचकीत.
सर्व्हिस रोड आमच्या हद्दीच्या नव्वद फूट अलीकडंच थांबला,
पाव्हणा कोपऱ्यावरनं परत फिरावा तसा.
ठेकेदाराचा माणूस म्हणाला, मावशी, पायी जाता येतंय की.
म्हटलं, व्हय, येतंय.
मग काट्यावर रोज मीच उभी राहू का?

राहिले एकदा. साठ किलो.
मी अठ्ठावन्न,
पण आमचा काटा दहाच्या खाली बोलत नाही.

तहसीलदार म्हणाले, पाणंद असती
तर उद्या मोकळी करून दिली असती.
हा राष्ट्रीय महामार्ग.
म्हणजे बैलगाडीला कायदा
आणि चौदा चाकीला अर्ज.
अर्जाला नकाशा, नकाशाला इंजिनिअर,
इंजिनिअरला चहा.
वकील शिरगुप्पे समजावत होते,
हक्क रस्त्यावर येण्याचा असतो, वहिनी,
हव्या त्या जागी येण्याचा नसतो.
मग नको त्या जागी तरी कुठं दिलाय?
ते हसले. आणि लिहून घेतलं.

फेब्रुवारीत स्थळपाहणी.
शेजारच्या आकाराम अण्णांचा ऊस नुकताच तुटलेला.
त्यांच्या बांधावरून, पाचटातून, हेलकावत
साहेबांची जीप मागच्या अंगानं आत आली.
चौदा महिन्यांनी काट्यावर चाक चढलं.
हात आपोआप बटणावर गेला माझा.
एक हजार आठशे चाळीस, साहेबांसकट.
प्रिंटरची शाई वाळलेली,
पावती हातानं लिहिली. चाळीस रुपये.
साहेबांनी दिले. सुट्टे दिले.
त्या रात्री मी भाकरी दोन जास्त थापल्या.

पुढच्या तारखेला तीच पावती
समोरच्या वकिलाच्या हातात.
निशाणी सतरा.
वाहन आत जातं, साहेब.
अर्जदार बाईंनी स्वतः वजन केलंय, शिक्का पाहावा.
शिक्का माझाच.
तारीख, वेळ, गाडीचा नंबर,
अक्षरसुद्धा वळणदार.
शिरगुप्प्यांनी खाली बघितलं.
मी नाही बघितलं.
दोन क्विंटल कमी लाव म्हणणारे
ह्याच काट्यावरनं शिव्या देत गेलेत,
खोटी पावती मी त्यांनाही फाडली नाही.

आता तारीख जूनची.
तोवर अण्णांचा खोडवा मांडीला लागेल,
बांधाला पाणी सोडलेलं असेल.
शिरगुप्प्यांना म्हटलं, पाहणी परत मागा.
आणि साहेबांना म्हणावं, जीपच घेऊन या.

रात्री काटा चालू ठेवते.
बिल येतंय, येऊ दे.
हायवेवरून लोड गाडी गेली की
जमीन जराशी हलते
आणि लाल आकडा थरथरतो,
दहा, शून्य, दहा.
कुठली गाडी, काय माल, कळत नाही.
मी वहीत वेळ तेवढी लिहून ठेवते.