कूलरसमोर ठेवू नये

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मारबत निघाली,
सगळा इतवारी-महाल रस्त्यावर,
आणि मी कन्हानच्या पुलाखाली,
पार्लरमधली केस कापायची कात्री घेऊन.

कास अर्धी फुललेली हवी.
पुरती उघडली की ती कुणाची राहत नाही,
पंखा लावला की घरभर निघून जाते.
बोटांत धरून पाहिली: ओलसर, जराशी तांबूस,
शाळकरी मुलीच्या मानेवरची लव असते तशी.
बेचाळीस दांडे कापले.
एकदा पात्यानं मला कापलं, कळलंही नाही,
हँडल लाल झालं तेव्हा कळलं.

कामठी रोडच्या सिग्नलला ट्रकवाला वाकून म्हणाला,
"बाई, म्हशीले घालता का?"
म्हटलं, "नाही हो. पाहुण्यांले."

पंधरा दिवस उलटी टांगली
इन्व्हर्टरच्या खोलीत, अंधारात.
उन्हात वाळवली तर पिवळी पडते,
घाई केली तर मान टाकते.
मग हातभर अंतरावरून स्प्रे,
नवरीच्या अंबाड्यावर मारते तोच,
एक फेर, थांबायचं, दुसरा फेर.
तुरे ताठ झाले. लग्नघरातल्या बायकांसारखे
हलायचं म्हटलं तरी सगळे एकदम हलायचे.

जाऊबाई आल्या. मी चहा टाकायला आत,
तेवढ्यात त्यांनी बरणीत तांब्याभर पाणी ओतलं.
"वाळून चालली होती बिचारी."
आठ दांडे बुडाशी काळे पडले.
आता बरणीत तांदळाची कणी भरून ठेवते
आणि जाऊबाईंसोबत मी स्वतः बसते.

माझं नाव कुंदा.
कुहीच्या काळ्या रानात कुंदा उपटता उपटता
बाबांच्या बोटांची कातडी गेली होती,
आणि त्याच वर्षी मी झाले.
आजी म्हणाली, दुसरं काही सुचलं नाही का रे?
ते म्हणाले, मरत नाही ते नाव ठेवलं.

एप्रिलमध्ये शेषराव आला कूलर बसवायला.
"भुसा टाकू का वाळा?"
वाळा, म्हटलं. पैसे लागले तरी वाळा.
जाळीत त्यानं मुळ्या दाबून बसवल्या,
मोटर चालू केली,
आणि बेचाळीस डिग्रीच्या दुपारी
घरात ओल्या मातीचा वास शिरला.
मी डोळे मिटून पाच मिनिटं उभी होते.

तिसऱ्या दिवशी कास पाहिली तर
न्हाऊन आलेल्या बाईच्या केसांसारखी,
बटा-बटांनी चिकटलेली, खाली वाकलेली.
बाहेर पापड वाळावा इतकी कोरडी हवा,
आणि आत, माझ्याच खिडकीत,
एक गवत दिवसभर पाणी पीत होतं
तेव्हा कुठे आम्हाला झोप लागत होती,
आणि दुसरं, त्याचंच भाऊबंद,
त्या वाऱ्यानं मरत होतं.
कूलर बंद करायची ताकद माझ्यात नव्हती.

मग कुठे ठेवायची?
स्वयंपाकघरात फोडणीचा धूर,
बेडरूमची खिडकी पश्चिमेची,
देवघरात उदबत्ती, ठिणगी उडायची भीती.
शेवटी रिक्षात, मांडीवर घेऊन, त्रिमूर्तीनगरला आणली.
पार्लरमध्ये एसी आहे, कोरडी हवा.
आरशाच्या उजव्या अंगाला उभी केली.
शनिवारी सकाळी, गिऱ्हाईक यायच्या आधी,
ड्रायर थंडवर टाकून लांबून फुंकर घालते.
धूळ उडते. दोन-चार केसर उडतात. ते उडणारच.

लांजेवार मॅडम दर एकवीस दिवसांनी येतात.
भांगातलं बोटभर पांढरं झाकायला.
परवा खुर्चीत बसल्या, गळ्याभोवती टॉवेल,
आणि आरशातून कितीतरी वेळ
कासेकडे बघत राहिल्या.
वाटीत रंग कालवता कालवता मी थांबले.

"किती सुंदर पांढरं आहे हो," त्या म्हणाल्या,
"अगदी हात लावू नये असं."

मग मान मागे टेकवली, डोळे मिटले.
"माझे नॅचरल ब्लॅकच करा.
मागच्या वेळी कानाजवळ जरा राहिलं होतं."