दोनी सारखेच

सांगलीच्या जोडप्याला फोटो हवेत जपानी फिल्मसारखे.
मऊ, म्हणाली ती फोनवर,
दुधात बुडवून काढल्यासारखे.
मी हो म्हटलं. देवगडात बसून
मी जपान पाहिलाय तो एवढाच, स्क्रीनभर.

रात्री दुकानाचं शटर अर्ध्यावर ओढलं.
आधी काळा वर उचलायचा,
इतका, की सावलीला सावली म्हणवू नये.
मग ऊन उतरवायचं.
एप्रिलचं, साडेतीनचं, पत्र्यावर पापड भाजणारं ऊन
दोन बोटांनी खाली ओढलं, आलं मुकाट.
जांभ्याचा लाल वजा चाळीस:
कातळाचा झाला दुसऱ्या पाण्याचा चहा.
समुद्रात चिमूटभर हिरवा.
सुकत घातलेल्या बांगड्यांचा वास
फोटोत मुळात नव्हताच,
तरी वाटलं, गेला.
शेवटी दाणे, बारीक रव्यासारखे, सगळीकडे.

एकच गोष्ट ऐकेना.
नवरीच्या खांद्यामागे सारंगांची बोट,
तिच्या नाळेवरचा लाल पट्टा.
वजा साठ. वजा ऐंशी.
तरी तो आपला हाका मारतोय.

पट्टा बाबांचा.
चाळीस वर्षं बंदरातल्या होड्या रंगवतायत,
हल्ली मात्र लालाचे दोन-दोन, तीन-तीन हात.
सारंग बोललाही मागे:
तुझ्या बापाक रोगण फुकट गावता काय रे?
मी हसलो होतो.

बाबा डबा घेऊन आले.
सोलकढीची बाटली स्कॅनरवर ठेवली
(शंभरदा सांगितलंय, ठेवू नका)
आणि वाकले, चष्मा कपाळावर चढवून.
नखांत अजून सारंगांचा लाल.
"ह्यो बरो काढलंस," म्हणाले,
"अगदी असांच दिसता."
कोणाला?
"माका. दोन वर्सां झाली."
मग पट्ट्यावर बोट टेकवून,
"ह्यो मात्र जसो व्हयो तसो इलो."

मी केलेलं सगळं पुसलं.
ऊन परत आलं, जांभा लालबुंद झाला,
समुद्र डोळ्यांत घुसेल असा.
पुन्हा मऊ केलं. पुन्हा पुसलं.
आधी, नंतर. आधी, नंतर.

बाबा डब्याचं झाकण काढत होते.
"बटन कित्याक बडवतंस? दोनी सारखेच मा.
जेव आधी."

कणकवलीच्या दवाखान्याचा नंबर
कुठल्याशा कॅलेंडरवर होता.
मी जेवलो. भात गार झाला होता.