शब्द विचारायला आलेल्या मुलाला

बस. त्या खुर्चीवर नको, तिचा पाय हलतो.
यंत्र सुरू केलंस? लाल दिवा लागलाय, म्हणजे केलंस.
नाव इशबेल स्वान्सन, वय एक्क्याऐंशी,
जन्म केथनेसचा, लायबस्टरच्या वरच्या अंगाला.
सध्या ॲबर्डीन, लेकीकडे.
‘राहणार’ असं लिहू नकोस अजून.

तुला ‘सॉर्न’ हवाय.
क्रियापद आहे ते. आधी क्रिया, मग माणूस.
दुसऱ्याच्या चुलीपुढे बूट काढून बसायचं
बूट सुकेपर्यंत,
आणि सुकल्यावर म्हणायचं, आता बाहेर पाऊस आहे.
असा जो बसतो तो सॉर्नर.
माझे वडील शेवटच्या ‘र’वर जोर द्यायचे,
दगडी पायरीवरून बादली गडगडत जावी तसा जायचा तो,
अंगणापर्यंत.

पुस्तकात तू वाचलं असशीलच,
पूर्वी हे लोक घोडे-कुत्री घेऊन यायचे,
जेवायला मागत नसत, थेट पानावर बसत.
राजाने कायदा केला त्यांच्याविरुद्ध.
यादीत दांडगे भिकारी होते, वेडाचं सोंग घेणारे होते,
आणि भाट.
हस, हस. गाऊन जेवणाराही त्यातलाच.

आमच्याकडे आला तो टॉरक्विल.
घोडा नाही, कुत्रा नाही, एक सुटकेस, सुतळीने बांधलेली.
माझ्या नवऱ्याचा आतेभाऊ, नाहीतर बोटीवरचा सोबती.
दोन्ही सांगायचा, दिवस बघून.
नवरा जाऊन तेव्हा वर्ष झालं होतं, विचारणार कोणाला?
नोव्हेंबरात आला, दोन रात्रींसाठी.
पीटच्या विटांची रास माझ्या खांद्याला लागत होती.
तो गेला तेव्हा गुडघ्याला.
ते दिवस मी अजून तसेच मोजते.

साखर तीन चमचे. लोणी बोटभर.
पेपर आधी त्याला, मग मला,
कोडं सोडवलेलं, तेही चुकीचं, तेही पेनाने.
शेजारची विल्हेमिना म्हणाली,
सॉर्नर आहे मेला, तोंडावर सांग.
गेले सांगायला. हातात कढई तशीच.
तो खुर्चीत झोपलेला, तोंड उघडं,
मोज्याच्या भोकातून अंगठा बाहेर,
म्हाताऱ्या माणसाचा अंगठा, निळसर.
शब्द दाढेखाली फिरवला आणि गिळला.
हे लिही. हा शब्द पाठीमागे बोलायचा आहे.
तोंडावर नाही जमत. मला तरी नाही जमलं.

गेला ना. मार्चात, न सांगता.
टेबलावर एक मासा ठेवून, पेपरात गुंडाळलेला,
कुठून आणला कोण जाणे.
राग आला मला त्या माशाचा.
तळला, खाल्ला, तरी गेला नाही.

यंत्र बंद करतोस जरा?

ही खोली नातवाची. भिंतीवर त्याचे फुटबॉलवाले आहेत अजून.
कमरेचं ऑपरेशन झालं म्हणून आले, दोन आठवड्यांसाठी.
येत्या शुक्रवारी अठरा महिने होतील.
लेक म्हणते, आई, हीटर लाव ना.
मी शाल घेते.
जावई चांगला आहे. फार चांगला.
दाराशी थांबून विचारतो, आत येऊ का?
त्याच्याच घरात.
इथे विटांची रास नाही,
जिन्याखाली मीटर आहे, आकडे फिरतात.
रात्री काठी न वाजवता उतरते आणि बघून येते.

काल पावाला लोणी लावताना सुरी थांबली.
मी काही त्याला बोलावलं नव्हतं.
आला, बूटसुद्धा न काढता,
शेजारची खुर्ची ओढून बसला.
वडिलांच्या आवाजातला ‘र’.

चहा घेशील?
घे रे. संकोच नको.
पुडी माझी आहे.