पाय

आमच्या घरी पाय या शब्दाचे दोन अर्थ होते.
एक चालायचा.
दुसरा वानवडीच्या मेसमधून
बाबांनी सायकलवरून आणला होता, डोक्यात,
कारण साहेबांच्या ताटातलं काही
घरी न्यायची सोय नव्हती.

पहिल्यांदा केला तेव्हा शद्रक ओरडला,
"कोंबडीचा पाय म्हणालात ना?
मग हे झाकण कसलं?"
आई हसता हसता भिंतीला टेकली होती.

मैद्याला मोहन शंकरपाळ्यासारखंच,
पण कडकडीत नाही, गार.
लोण्याचे खडे बोटांच्या टोकांनी चुरायचे,
तळहात लागू द्यायचा नाही.
"तळहात तापट असतो," बाबा म्हणायचे.
पाणी चमच्याचमच्यानं,
हात आखडून, महिनाअखेरीसारखं.

शिवाजी मार्केटातली कोंबडी, हाडांसकट.
हाडं आधी मिरीदाण्यांबरोबर उकळायची,
त्या पाण्यात गाजर, फरसबी, मटार,
बोराएवढा बटाटा.
मग लोण्यावर मैदा, त्यात दूध,
आणि ढवळताना थांबायचं नाही.
गुठळीला ते पेन्शनीतली चूक म्हणत:
एकदा झाली की निस्तरत बसा.

एक हिरवी मिरची, अगदी बारीक.
ती मेसमधली नव्हे. ती आईची.

ओव्हन कुठला?
भोपळे चौकाच्या अलीकडच्या बेकरीत
संध्याकाळचे पाव निघाले की
उरलेल्या धगीत आमचं ताट जायचं.
वर फडकं, पुढे शद्रक, मागे मी.
झाकणावर काट्यानं टोचून काढलेला सा,
साळव्यांचा,
दुसऱ्याच्या केकशी अदलाबदल नको म्हणून.

नंतर त्यांच्या डाव्या अंगठ्याला चप्पल लागली.
एवढीशी जखम.
साखर होतीच, जखम ऐकेना.
ससूनमध्ये आधी अंगठा,
मग घोट्याच्या वरून.

त्यानंतर घरात तो शब्द कोणी काढेना.
पायपुसणं नुसतं दारातलं झालं.
पायरीला आई एकदा "खालची ती" म्हणाली.
इतकं जपून बोलत होतो आम्ही
की घरभर तेवढंच ऐकू यायचं.

डिसेंबरात एके सकाळी
खुर्चीतून ओट्याकडे बघत बाबा म्हणाले,
"तबिता, थंडी बरी पडलीय.
लोणी गार राहील.
पाय करू या."
आम्ही तिघं जागच्या जागी.
"अरे, एक गेला," ते म्हणाले,
"एक करू."

आई आधी भडकली,
काय वाट्टेल ते बोलता म्हणून पदरानं डोळे पुसले,
आणि मग टेकली भिंतीला, अगदी तश्शीच.

आज फातिमानगरात, तिसऱ्या मजल्यावर,
माझ्याकडे काचेच्या दाराचा ओव्हन आहे.
झाकण फुगताना दिसतं,
त्यामुळे मजा थोडी गेलीच.
शद्रकची अबिगेल आलीय,
बेंगळुरूहून, अचानक, मोठी बॅग घेऊन.
बोटात अंगठी नाही.
मी विचारलं नाही. मटार सोलायला दिले.
तिनं एक दाणा सोलला की एक खाल्ला,
त्यामुळे मटार कमी पडले,
मग मी बटाटा वाढवला.

सहा वाजता तिनं चमच्यानं झाकण फोडलं.
चष्म्यावर वाफ आली, पुसली नाही.
मला वाटलं, बरंच झालं,
वाफेमागे माणसाला जरा बसता येतं.
दोनदा वाढून घेतलं.
"आत्या, यात मिरची?"
"तुझ्या आजीची."

साडेआठला म्हणाली, निघते,
बाबा वाट बघत असतील.
बॅग दाराशी नेली,
दारातल्या त्या पायपुसण्यावरच बसली
आणि मोजे हातात घेऊन
तशीच बसून राहिली.

मी काही बोलले नाही.
ताटात कडेचा तुकडा उरला होता,
थोडा करपलेला, त्यावर साचा काना.
तो बशीत घालून
तिच्या शेजारी, खाली, फरशीवर ठेवला.